मदत हवी आहे: पिनबॉयच्या आठवणी कुणाकडे मिळतील?

अमेरिकेतल्या मिलवॉकी शहरात, हॉलर हाऊस नावाच्या जुन्या बारमध्ये बोलिंग बघून आले (क्रिकेटची नव्हे, पिना पाडायची). तळघरात दोनच लेन, १९०८ सालच्या, आणि पिना अजून हाताने उभ्या करतात! पिना पडल्या की मागचा मुलगा, म्हणजे पिनबॉय, खाली उतरतो, दहाच्या दहा पुन्हा मांडतो, चेंडू परत घरंगळत पाठवतो. १९५०च्या दशकात एएमएफ या कंपनीची पिना आपोआप मांडणारी यंत्रं आली, या पोरांचं काम गेलं आणि अमेरिकेत बोलिंगची लाटच आली. यंत्रांवर भरपूर वाचायला मिळतं, पोरांवर फारच थोडं. मला त्यांच्यावर लेख लिहायचाय. अमेरिकेत राहणाऱ्यांपैकी कुणाच्या शेजारी, ओळखीत लहानपणी पिनबॉय असलेले आजोबा आहेत का? मजुरी किती मिळायची, पायांना लागायचं का, एवढं तरी विचारून सांगाल का?