राज्याची चिन्हे शासन निर्णयाने ठरावीत की विधिमंडळाच्या कायद्याने?

तालुकावासी (धागाकर्ता)

आपल्या महाराष्ट्र राज्यात गाव कशाला म्हणायचे आणि शहर कशाला, हे कायदा फार बारकाईने सांगतो. १९५८ च्या ग्रामपंचायत कायद्याने पंचायतीची सदस्यसंख्या किमान ७ आणि कमाल १७ अशी बांधून दिली आहे. प्रत्येक पंचायत ही अखंड अधिकारपरंपरा आणि सामाईक मोहोर असलेली संस्था आहे, हेही त्याच कायद्यात लिहिलेले आहे. त्यामुळे सरपंच बदलला तरी पंचायतीचे करार आणि तिची मालमत्ता तिच्याच नावावर राहते. १९६५ च्या नगरपरिषद कायद्यानुसार लोकसंख्या १,००,००० हून अधिक असेल तर ‘अ’ वर्ग, ४०,००० हून अधिक पण १,००,००० पर्यंत असेल तर ‘ब’ वर्ग आणि त्याहून कमी असेल तर ‘क’ वर्ग.

लहानातल्या लहान गावाची मोहोरसुद्धा अशा रीतीने कायद्यात आली आहे. संपूर्ण राज्याची ओळख सांगणाऱ्या गोष्टी मात्र कायद्यात नाहीत. राज्यप्राणी शेकरू, राज्यपक्षी हरियाल, राज्यफूल ताम्हण आणि राज्यवृक्ष आंबा यांना जुनी मान्यता आहे. त्यांत २०१५ मध्ये ब्लू मॉर्मन फुलपाखराची, २०२० मध्ये पांढऱ्या चिप्पी या कांदळवनातील झाडाची, २०२३ मध्ये राज्यगीत व राज्यमासा पापलेटची आणि २०२४ मध्ये दांडपट्टा या शस्त्राची भर पडली, आणि हे सारे शासनाच्या निर्णयाने झाले. यांपैकी एकाही निवडीला माझा आक्षेप नाही. माझे म्हणणे एवढेच आहे की जे चिन्ह साऱ्या राज्याचे म्हणून मिरवायचे, त्याची चर्चा साऱ्या राज्याने निवडून दिलेल्या सभागृहात व्हावी आणि एका छोट्या कायद्याच्या अनुसूचीत त्याची नोंद व्हावी.

संयत

मी या प्रस्तावाच्या ठामपणे विरोधात आहे. कायद्यात लिहिले म्हणजे स्थैर्य आले, हे गृहीतकच मला मान्य नाही. सरपंचाची थेट निवडणूक २०१७ मध्ये आली, २०२० मध्ये गेली आणि २०२२ मध्ये परत आली. प्रत्येक वेळी कायदाच बदलला गेला. पालिकांची मुदत पाच वर्षांची, हे तर थेट राज्यघटनेत आहे. तरीही मुंबई महापालिकेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपल्यानंतर तीन वर्षांहून अधिक काळ तेथे प्रशासकाचा कारभार होता.

दुसरी भीती अधिक गंभीर आहे. चिन्ह कायद्यात आले की त्याच्या मागोमाग अवमानाचे कलम येते आणि कलमापाठोपाठ शिक्षा. केरळमध्ये धार्मिक श्रद्धेमुळे राष्ट्रगीत न गाणाऱ्या, पण ते सुरू असताना आदराने उभ्या राहणाऱ्या तीन मुलांना शाळेतून काढण्यात आले होते. १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला, परंतु त्यासाठी त्या मुलांना थेट दिल्लीपर्यंत जावे लागले. राज्यगीताबाबत असा प्रसंग आपल्याकडे कोणावरही येऊ नये.

किनाऱ्यावरून

‘संयत’ यांच्याशी मी सहमत आहे, मात्र माझे कारण वेगळे आहे. आमच्या घरात तीन पिढ्या मासेमारी चालते. पापलेट राज्यमासा झाला याचा आनंद आम्हाला निश्चितच झाला, परंतु त्या घोषणेमुळे जाळ्यात सापडणारे पिल्लू सुटत नाही. त्याच वर्षी ५४ जातींच्या माशांसाठी किमान आकार ठरवण्यात आला, तो १९८१ च्या सागरी मासेमारी नियमन कायद्याच्या आधाराने, आणि बदल झाला तर तो त्या नियमाच्या अंमलबजावणीमुळेच होईल. शेकरूलाही संरक्षण मिळते ते १९७२ च्या वन्यजीव कायद्यामुळे आणि भीमाशंकरसारख्या अभयारण्यामुळे. तेव्हा विधिमंडळाला वेळ द्यायचाच असेल, तर तो या कायद्यांसाठी द्यावा.

पारावरचा

मी धागाकर्त्याच्या बाजूने आहे आणि त्यामागे स्वतःचा अनुभव आहे. २०१४ मध्ये तालुक्याच्या ठिकाणच्या ग्रामपंचायतींना नगरपंचायती करण्याचे राज्याने ठरवले, त्यात आमचे गावही होते. शेतमजुरांची ग्रामीण रोजगार हमीची कामे बंद होतील आणि घरपट्टी वाढेल, अशी हरकत आम्ही काही जणांनी लेखी दिली. ती मान्य झाली नाही, याचे दुःख आजही आहे. तरीही अधिसूचनेचा मसुदा प्रसिद्ध करून हरकती मागवणे कायद्याने बंधनकारक असल्यामुळे आमचे म्हणणे कागदावर आले आणि त्यावर सुनावणी झाली. उद्या राज्यगीत किंवा राज्याची मुद्रा बदलायची ठरली, तर सामान्य माणसाने हरकत कोणाकडे नोंदवायची? तेलंगणात २०२४ मध्ये राज्याच्या मुद्रेतून चारमिनार आणि काकतीय तोरण काढण्याचा प्रस्ताव आला, तेव्हा लोकांना रस्त्यावर उतरावे लागले आणि मगच नव्या मुद्रेचे अनावरण पुढे ढकलले गेले.

तालुकावासी

‘संयत’ यांची भीती मी हलकी मानत नाही. तथापि बंधन केवळ कायद्यातूनच येते असे नाही. मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुराई खंडपीठाने डिसेंबर २०२१ मध्ये म्हटले की तमिळ प्रार्थनागीताच्या वेळी उभे राहावे असा कोणताही कायदा किंवा आदेश अस्तित्वात नाही. त्यानंतर थोड्याच दिवसांत तमिळनाडू शासनाने आदेश काढला, ते गीत राज्यगीत झाले आणि उभे राहणे आवश्यक ठरले. सभागृहात त्यासाठी विधेयक मांडावे लागले नाही.

याउलट अकोला जिल्ह्यातील पातूरचे उदाहरण पाहावे. तेथील नगरपरिषदेच्या फलकावर मराठीखाली उर्दू मजकूर होता, त्यास आक्षेप घेतला गेला आणि वाद सर्वोच्च न्यायालयात पोहोचला. स्थानिक प्राधिकरणांनी मराठी वापरावी असे सांगणारा २०२२ चा राज्याचा कायदा न्यायालयापुढे होता, आणि त्यात मराठीच्या जोडीला दुसरी भाषा वापरण्यास मनाई नाही, असे न्यायालयाने एप्रिल २०२५ मध्ये स्पष्ट केले. मराठीचा मान कायम राहिला आणि उर्दूचा फलकही राहिला, कारण वाचण्यासाठी कायद्याचे शब्द होते. सक्ती कोठे थांबते हे लिहून ठेवायचे असेल, तर त्यासाठी कायद्याइतकी योग्य जागा मला दुसरी दिसत नाही.

संयत

पातूरचा दाखला महत्त्वाचा आहे आणि त्यावर माझ्याकडे पुरेसे उत्तर नाही. ‘या चिन्हांच्या संदर्भात कोणावरही दंड किंवा शिक्षा लादली जाणार नाही’ असे कलम मूळ विधेयकातच असेल, तर मी विरोध मागे घेईन. ते नियमांत पुढे कधी तरी घालू, असे आश्वासन मात्र मला पुरणार नाही.

किनाऱ्यावरून

माझा विरोध कायम आहे. तरीही कायदा होणारच असेल, तर नगरपंचायतीसाठी असते तशी हरकतींची तरतूद त्यातही ठेवा, आणि पापलेटचे नाव अनुसूचीत घालण्याआधी पापलेटसाठी ओळखल्या जाणाऱ्या सातपाटी गावच्या मच्छीमारांचे म्हणणे लेखी घ्या.