मेहदी मिराज : फक्त मिरपूरचा बॉलर?
कुणीतरी म्हटलंय की बांगलादेशचा मेहदी हसन मिराज फक्त मिरपूरच्या (ढाक्यातलं मैदान) फिरकीला साथ देणाऱ्या पिचवरच चालतो. अर्धं खरं आहे ते. २०१६ मध्ये इंग्लंडविरुद्ध पदार्पणाच्या सिरीजमध्ये दोन टेस्टमध्ये १९ विकेट काढल्या पोराने, मिरपूरला तर एकाच मॅचमध्ये १२, आणि बांगलादेशने इंग्लंडला पहिल्यांदा टेस्टमध्ये हरवलं, पिचची मदत होतीच की. पण २०२४ ची पाकिस्तानविरुद्धची रावळपिंडी टेस्ट आठवा ना, पहिल्या डावात पाच विकेट, मग टीम २६ रनवर ६ बाद असताना लिटन दाससोबत उभं राहून ७८ रन! सिरीज २-० जिंकले आणि मॅन ऑफ द सिरीज हाच. मला तरी तो आता पक्का ऑलराऊंडर वाटतो, नुसता ऑफस्पिनर म्हणणं अन्याय आहे.