द्राक्षबागेतले अवघड इंग्रजी शब्द: उच्चार, अर्थ आणि उपयोग

गंगापूर, दिंडोरी, निफाड पट्ट्यात औषधाच्या डब्यावर आणि वायनरीच्या लेबलवर शाळेत कधी न भेटलेले इंग्रजी शब्द दिसतात. ज्यांचा रोज संबंध येतो त्यांनी उच्चारासोबत कामाचा तपशीलही द्यावा.

बागायतदार, निफाड:
बोर्डो. शेवटची ई-ए-यू-एक्स ही चारही अक्षरं मिळून फक्त 'ओ'. हे फ्रान्समधलं शहर. १८८५ मध्ये पिएर मिलार्दे यांनी मोरचूद-चुन्याचं मिश्रण डाउनी या द्राक्षरोगावरचा इलाज म्हणून मांडलं. एक टक्क्यासाठी मोरचूद १ किलो, चुना १ किलो, पाणी १०० लिटर. प्लास्टिकच्या दोन ड्रममध्ये वेगवेगळं विरघळवून मगच एकत्र करा, लोखंडी बादली नको. मग स्वच्छ लोखंडी विळा थोडा वेळ बुडवा. तांबूस थर चढला तर मिश्रण आम्ल आहे, पानं करपतील. चुन्याची निवळी वाढवा. त्याच दिवशी फवारून संपवा.

'डाउनी'तला डाउन म्हणजे 'खाली' नव्हे, पक्ष्याची मऊ लव. पानावर तेलकट डाग आणि पाठीमागे पांढरी लव, ही त्या रोगाची खूण नावातच आहे. भुरी हा वेगळा रोग, राखेसारखा, त्याला गंधक.

कृषी सेवा केंद्र, पिंपळगाव बसवंत:
जिबरेलिक ॲसिड, म्हणजे वाढीचं संजीवक. 'गि' नाही, 'जि'. जपानमध्ये भाताची रोपं भलतीच उंच वाढवणाऱ्या जिबरेला बुरशीवरून हे नाव आलं. १०० लिटरला १ ग्रॅम म्हणजे १० पीपीएम (दहा लाख भागांत १० भाग). पावडर आधी थोड्या अल्कोहोलमध्ये विरघळवा, थेट पाण्यात टाकली तर नीट विरघळत नाही आणि मात्रा सगळीकडे सारखी पडत नाही. मात्रा जास्त झाली की देठ जाड, कडक होतात.

वायनरीतले काम, दिंडोरी:
व्हेरेझाँ म्हणजे आपल्याकडचं 'पाणी उतरणं': मणी मऊ होतो, रंग बदलू लागतो. आपला शब्द जास्त नेमका आहे, असं माझं मत. मस्ट म्हणजे साल-बियांसकट चिरडलेला रस. लीज म्हणजे टाकीच्या तळाचा यीस्टचा गाळ; शेवटी 'झ' ऐकू यावा. ब्रिक्स हे साखरेचं माप, जर्मन शास्त्रज्ञाच्या आडनावावरून. १ अंश म्हणजे १०० ग्रॅम द्रावणात १ ग्रॅम साखर. ते मोजायचं उपकरण, रिफ्रॅक्टोमीटर, आधी शुद्ध पाण्यावर शून्याला आणा. एकाच घडाचा मणी घेऊ नका. वरचे, खालचे, सावलीतले मिसळा.

टेस्टिंग रूम, गंगापूर रस्ता:
द्राक्षजातींच्या फ्रेंच नावात शेवटचं व्यंजन बहुधा गळतं: कॅबरने, मर्लो, सोव्हिन्याँ ब्लाँ. पुढे ई असेल तर उच्चारतात, म्हणून पिनोटाज. झिनफँडेल फ्रेंच नाही, त्यामुळे तिथे ल पूर्ण. सिरा आणि शिराझ ही एकाच द्राक्षाची दोन नावं. वाइन सुचवणारा तो सॉमेलिए. 'सोमेलियर' म्हणू नका.

विद्यार्थी, कृषी शाखा:
वाइनशास्त्राच्या नावात ओ गप्प राहतो: ईनॉलजी. मूळ ग्रीक 'ओइनोस', म्हणजे वाइन. फिलॉक्सेरा हेही ग्रीक, 'कोरडं पान'; मुळं पोखरणारी कीड असली तरी नाव पानावरून पडलं.