पाडकामाआधी सुनावणी: हक्क की वेळकाढूपणा?

मैत्रेयी
कुणाचंही बांधकाम पाडण्याआधी पालिकेने त्याचं म्हणणं ऐकलंच पाहिजे. अगदी फुटपाथवरच्या झोपडीचंही. १९८१ च्या जुलैत मुख्यमंत्री अंतुल्यांनी मुंबईतल्या फुटपाथवासीयांना हुसकावून गावी पाठवायची घोषणा केली आणि त्यातून पत्रकार ओल्गा टेलिस यांच्या नावाने ओळखला जाणारा खटला उभा राहिला. महापालिका कायद्याच्या कलम ३१४ नुसार आयुक्त नोटीस न देताही अतिक्रमण हटवू शकतात. पालिकेचं म्हणणं होतं, यांना बोलावून उपयोग काय, फुटपाथ यांचा नाही हे उघडच आहे. १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांच्या घटनापीठाने हा युक्तिवाद मानला नाही. कलम वैध ठरलं, पण नोटीस न देण्याची मुभा अपवादापुरतीच. बोलायला काही नसेल हे ऐकण्याआधी कसं ठरवता?

पांथस्थ
ताई, निकाल अर्धाच सांगितलात. त्याच निकालाने फुटपाथवर राहायचा हक्क मान्य केला नाही. पालिकेने नाकारलेली म्हणणं मांडायची संधी आम्हीच इथे दिली, असं म्हणून ३१ ऑक्टोबर १९८५ नंतर हटवायची मोकळीक दिली. बुलडोझरने घरं पाडण्यावर सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये दिलेल्या निकालातली, पाडण्याआधीची १५ दिवसांची नोटीसही रस्ता, फुटपाथ, नदीपात्रातल्या बांधकामांना लागू नाही. आमच्या भागात नोटीस लागली की लोक कोर्टातून स्थगिती आणतात आणि तेवढ्यात वर आणखी एक मजला चढतो. माझी आई वॉकर घेऊन रिक्षांच्या मधून चालते. तिचं म्हणणं कोणी ऐकलं?

निवृत्त_लिपिक
एका नगरपालिकेच्या बांधकाम खात्यात माझी नोकरी झाली. नोटीस शुक्रवारी संध्याकाळी शटरवर चिकटवायची, सुनावणी सोमवारी सकाळी. माणूस घरपट्टीच्या पावत्या, जुना नकाशा घेऊन यायचा, त्याला "लेखी द्या, आवकला टाका" एवढंच ऐकायला मिळायचं. साहेब वर बघायचेही नाहीत. आदेश सगळ्यांना तोच, फक्त नाव बदललेलं. एकदा नोटिशीत शेजारचा सर्व्हे नंबर पडला होता. तो गृहस्थ सातबारा घेऊन साहेबांच्या टेबलासमोर हटून बसला म्हणून घर वाचलं. नोटीस काढणाराच सुनावणी घेणार असेल तर आपली चूक तो स्वतः कशाला शोधेल?

मैत्रेयी
अगदी हेच! २०२४ च्या निकालाने सुनावणीचं इतिवृत्त मागितलंय, समोरच्याचे मुद्दे आणि ते का नाकारले याची कारणं आदेशात मागितलीत. खासगी जागेला हे लागतं, मग फुटपाथवरच्या माणसाला निदान दोन ओळींचं कारण लेखी द्यायला काय हरकत आहे? पांथस्थ, आईंसाठी रस्ता मोकळा व्हायलाच हवा. पण वाढीव मजला स्थगितीमुळे चढत नाही, तो चढताना खालून जाणारा वॉर्डातला माणूस बघत नाही म्हणून चढतो.

पांथस्थ
सर्व्हे नंबरचा मुद्दा मान्य, तिथे ऐकायलाच हवं. पण तारखांवर तारखा मला मान्य नाहीत. एकच तारीख, त्याच आठवड्यात लेखी आदेश, आणि अपील फेटाळलं की दुसऱ्या दिवशी जेसीबी. एवढं बांधून देत असाल तर मी तुमच्या बाजूने.