एएमआर ग्राफमध्ये एकच मुलगा दोनदा का येतो?

प्रश्न: ‘द बॉय वॉन्ट्स टू गो’ला माझा पार्सर (वाक्यातून एएमआर, म्हणजे अर्थाचा ग्राफ, काढणारा प्रोग्राम) ‘बॉय’चे दोन नोड देतो, हवा एकच. स्मॅच (बरोबर ग्राफशी किती जुळतं याचा ० ते १ मधला गुण) तरीही ०.७७! एवढी चूक असून?

उत्तर १: मोजून बघा. बरोबर ग्राफमध्ये (रूट सोडून) ६ त्रिकं (ग्राफमधली एकेक नोंद): ३ संकल्पना, ३ नाती. तुमच्यात ७, जुळतात ५. जुळलेल्यांची दुप्पट भागिले दोन्हींची बेरीज, म्हणजे १०/१३. स्मॅच त्रिकं मोजतो. जाणारा कोण हे हुकलं तरी एक चुकलेलं नातं आणि एक जादा नोड, एवढाच दंड बसतो.

बहुधा प्रीप्रोसेसिंगमध्ये व्हेरिएबल (नोडची छोटी नावं, ‘बॉय’साठी ‘बी’) काढून टाकलेत. ‘गो-०२’च्या (‘जाणे’ क्रियेच्या) एआरजी०मध्ये, म्हणजे कर्त्याच्या जागी, ‘बी’ऐवजी ‘बॉय’ पुन्हा लिहिलं, की मॉडेल तेच शिकणार. प्रत्येक नोडला <आर०>, <आर१> असे खास टोकन द्या, टोकनायझरमध्येही (मजकुराचे तुकडे, म्हणजे टोकन, पाडणाऱ्या भागात) घाला (नाहीतर त्यांचे तुकडे पडतात) आणि पुन्हा ट्रेन करा.

उत्तर २: सारख्या नावाचे नोड नंतर जोडायचा शॉर्टकट नको. ‘एका मुलाने दुसऱ्या मुलाला ढकललं’ यात दोघांचा एकच होईल, स्वतःलाच ढकलणारा!

प्रश्नकर्ता: आणि ‘गेला’, ‘जाईल’ यांचा ग्राफ सारखाच येतो, तो?

उत्तर १: तो बग नाही. एएमआर काळ नोंदवतच नाही. हवा असेल तर यूएमआर (एएमआरचं वाढवलेलं रूप) बघा.