गोल्फ जीटीआय : ११० ते २६५ हॉर्सपॉवर, पण वाढलं नेमकं काय?

धुराडं

२०२५ च्या मे महिन्यात फोक्सवॅगनने गोल्फ जीटीआय, म्हणजे तिच्या गोल्फ हॅचबॅकची वेगवान आवृत्ती, भारतात आणली. पूर्ण बांधून आयात केलेली, सुमारे ५३ लाख एक्स-शोरूम, तरी पहिल्या दीडशे गाड्या हातोहात गेल्या. तेव्हापासून जो तो एकच तक्ता फॉरवर्ड करतोय: पहिली पिढी ११०, दुसरी ११२, तिसरी ११५, चौथी १५०, पाचवी २००, सहावी २१०, सातवी २२०, आठवी २४५ आणि आता सुधारित आठवी २६५. (सगळे आकडे जर्मन पीएसमध्ये, म्हणजे मेट्रिक हॉर्सपॉवरमध्ये.) खाली टाळ्यांचे इमोजी.

आकडे बरोबर आहेत. त्यांच्यावरून काढलेला "पिढीगणिक गाडी दमदार होत गेली" हा निष्कर्ष मला मान्य नाही.

सुरुवातीपासून बघा. १९७५ च्या फ्रँकफर्ट मोटार शोमध्ये पहिली जीटीआय दाखवली, विक्री ७६ साली. कंपनीतल्याच काही लोकांनी आधी गुपचूप, वरिष्ठांचा हुकूम नसताना हे काम चालवलं होतं. पाच हजार गाड्या खपल्या तरी पुष्कळ, असा हिशेब होता. पहिल्याच पिढीच्या साडेचार लाखांवर गेल्या. इंजिन १.६ लिटरचं, आउडी ८० जीटीई मधलं. कार्ब्युरेटर नाही, बॉशचं के-जेट्रॉनिक इंजेक्शन. त्या यंत्रणेवर माझा फार जीव. आत येणारी हवा एक गोल चकती उचलते, चकतीचा दांडा तरफेसारखा इंधन वाटपाचा प्लंजर वर ढकलतो, आणि चारही सिलिंडरकडे पेट्रोल अखंड वाहत राहतं. हवा जास्त, चकती वर, पेट्रोल जास्त. हवा-पेट्रोलाचा मेळ घालायला कॉम्प्युटर लागत नाही. साधी गोल्फ तेव्हा ५० ते ७५ पीएसची होती. ही ११० ची, आणि वजन जेमतेम ८१० किलो. टनामागे सुमारे १३६ पीएस.

आता तिसरी पिढी घ्या, १९९१ ची. इंजिन दोन लिटरचं झालं, ताकद ११५, आणि वजन हजार किलोच्या वर गेलं. टनामागे ११० च्या आसपास! पंधरा वर्षं आणि चारशे सीसी खर्च करून गाडी मागे आली. चौथ्या पिढीत टर्बो (धुराच्या झोतावर फिरून इंजिनात जास्त हवा कोंबणारा पंप) आला, आकडा १५० झाला, पण वजनही वाढलेलं, त्यामुळे टनामागचं गणित पहिलीच्या खालीच राहिलं. शिवाय ब्रिटनमध्ये तीच चौथी पिढी ११५ च्या बिनटर्बो इंजिनावरही जीटीआयचा बिल्ला लावून विकली. नावापुरती जीटीआय. पहिलीला खऱ्या अर्थाने मागे टाकलं ते पाचव्या पिढीने, २००४ साली, २०० पीएसच्या टीएफएसआय या टर्बो इंजिनाने.

म्हणजे जवळजवळ तीन दशकं वाढीव ताकद फक्त वाढीव वजनाचं भाडं भरत होती. त्यानंतर जी वाढली ती रस्त्यावर वापरता येत नाही. मग हा पॉवरचा पोवाडा कशासाठी?

---

रेडलाईन

सपशेल असहमत. सोयीची पात्रं घेऊन नाटक रचलंय.

दुसऱ्या पिढीची १६ व्हॉल्व्ह कुठे गेली? १९८६, तेच १.८ लिटर, सिलिंडरमागे दोनऐवजी चार व्हॉल्व्ह, आणि ताकद १३९. वजन हजाराच्या आत. टनामागे १४५ च्या आसपास येतात, म्हणजे पहिलीपेक्षा जास्त. कमाल वेग १८२ वरून २०८ वर गेला. शिवाय सुपरचार्जरवाली (इंजिनानेच फिरणारा हवेचा पंप असलेली) जी-६० होती, १६० ची. तिसऱ्या पिढीतही १५० ची १६ व्हॉल्व्ह होती. तुम्ही प्रत्येक पिढीतली सर्वात मरतुकडी आवृत्ती निवडली आणि वर "तीन दशकं काही झालं नाही" म्हणताय.

---

धुराडं

रेडलाईन, मरतुकडी म्हणा हवं तर, पण फॉरवर्ड झालेल्या तक्त्यातले आकडे तिचेच आहेत आणि माझा वाद त्या तक्त्याशी आहे.

१६ व्हॉल्व्हचं पुढे काय झालं तेही सांगा की. धूर स्वच्छ करणारा कॅटॅलिटिक कन्व्हर्टर बसवल्यावर १३९ चे १२९ झाले. साधी ८ व्हॉल्व्ह ११२ वरून १०७ वर घसरली, म्हणजे ७६ सालच्या १.६ पेक्षाही खाली. मी धूर सोडायच्या बाजूचा नाही, कन्व्हर्टर यायलाच हवा होता. पण आलेख सरळ वर गेला असं म्हणणाऱ्याने ही घळ झाकू नये.

---

गिअरवाली

धुराडंराव, तुमचा सगळा हिशेब कमाल ताकदीवर उभा आहे. कमाल ताकद माणूस दिवसातून किती वेळा वापरतो? मी जर्मनीत, फोक्सवॅगनच्या वुल्फ्सबुर्गजवळ ब्राउनश्वाइगला राहते. इथे दर रविवारी जुन्या गोल्फ घेऊन लोक बाहेर पडतात, आणि ओळखीच्यांकडची पहिली पिढी मी चालवली आहे. गोड गाडी. पण ११० पीएस मिळतात ६१०० आरपीएमला आणि टॉर्क (चाकं फिरवणारा पीळ) १४० न्यूटन-मीटरच्या आसपास, तोही ५००० ला. त्याच्या खाली दाबलं तर ती आवाज करते आणि विचार करत बसते. ट्रक ओलांडायचा तर दोन गिअर खाली यावंच लागतं.

आता चौथी पिढी, जिला तुम्ही निकालात काढलंत. १.८ टर्बो, सिलिंडरमागे पाच व्हॉल्व्ह. टॉर्क २१० आणि तो १७५० आरपीएमपासून. पाचवीत २८० झाला, १८०० पासून. आठवीत ३७०, १६०० पासून. ऑटोबाहनवर (जर्मन महामार्गावर) कामं चालू असलेल्या ८० च्या टापूतून बाहेर पडताना मागचा माणूस हेडलाइट मारत अंगावर येतो, तेव्हा हा टॉर्क लागतो. तिथे टनामागचे पीएस कुणी मोजत नाही.

जीटीआयचा खरा टप्पा १९९८ चा आहे, २००४ चा नाही. त्या गाडीची चेसी मऊ आणि स्टीअरिंग निर्जीव होतं हे मान्य. इंजिनाचा दोष नव्हता.

---

बोल्टनट

वजनांवर एवढा वाद घालताय तर आधी वजनं एका मापाने घ्या.

जुन्या जर्मन कागदांवरचं ८१० किलो हे रिकाम्या गाडीचं, चालक सोडून. नंतरच्या युरोपीय नियमाने गाडीच्या वजनात ७५ किलो धरले जातात: ६८ चा चालक आणि ७ किलो सामान. त्यामुळे आठव्या पिढीच्या कागदावर साडेचौदाशेच्या आसपास दिसतं त्यातले ७५ वजा करा, मग ८१० शेजारी ठेवा. टनामागे १८३ ऐवजी १९० च्या वर जातात. पाचवीलाही हाच न्याय लावा. निष्कर्ष उलटत नाही, पण फरक अगदीच किरकोळही नाही.

---

चाकणकर

तुम्ही सगळे इंजिनाबद्दल बोलताय. माझ्या मते पाचव्या पिढीपासून जीटीआयची हॉर्सपॉवर इंजिन ठरवत नाही, प्राइसलिस्ट ठरवते.

सुधारित आठव्या पिढीची गोल्फ आर, म्हणजे जीटीआयच्या वरची गोल्फ, बघा. तेच दोन लिटरचं ईए८८८ इंजिनांचं घराणं, ताकद ३३३. जीटीआयला २६५. मधे क्लबस्पोर्ट, ३०० ची. इंजिनाचा मूळ सांगाडा एक, फरक टर्बोत, सॉफ्टवेअरमध्ये, आणि आरला चारही चाकांना ताकद जाते त्यात. जीटीआयला ३०० देणं इंजिनिअरला अवघड नाही, विक्री विभागाला अवघड आहे, कारण मग आर कोण घेणार? म्हणून एकेका पिढीला दहा-वीस पीएस सोडायचे. पाचवी २००, सहावी २१०, सातवी २२० (परफॉर्मन्स पॅक घेतला तर २३०). आलेख इतका आखीवरेखीव दिसतो तो उगाच नाही.

पुण्यातही हेच. ईसीयू रीमॅप (इंजिनाच्या कॉम्प्युटरचं सॉफ्टवेअर बदल) करून देणाऱ्याकडे जा, लॅपटॉप लावून दुपारच्या चहापर्यंत "स्टेज वन" करून देतो. वॉरंटीची काशी होते ते वेगळं. एवढ्याशा कामाने पिढीभराची वाढ मिळत असेल तर ती पिढ्यांची उत्क्रांती कसली?

अवांतर: आपल्या चाकणच्या पोलो जीटी टीएसआयला १.२ लिटरमधून १०५ पीएस होते, म्हणजे पहिल्या गोल्फ जीटीआयच्या हाताच्या अंतरावर. लोक अजून तिच्या आठवणी काढतात. टॉर्क १७५, तोही खालूनच. गिअरवालीताईंच्या मुद्द्याला हा माझा पाठिंबा समजा.

---

खंडाळाघाट

ही ताकद वापरणार कुठे? मुंबई-पुणे एक्सप्रेसवेला कारची मर्यादा १००, घाटात त्याहून कमी, वर कॅमेरे. समृद्धीला १२०. बाकी चालू द्या, वाचतोय.

---

रेडलाईन

चाकणकरांचा मुद्दा अर्धाच पटला. प्राइसलिस्टने वरची मर्यादा ठरते, पण पुढच्याच चाकांनी गाडी ओढायची असेल तर खालून भौतिकशास्त्रही दम देतं. ओल्या रस्त्यावर पहिल्या-दुसऱ्या गिअरमध्ये २०० च्या पुढची ताकद नुसती टायर घासते आणि स्टीअरिंग हातातून ओढते. म्हणून सहाव्या पिढीत एक्सडीएस आलं, ते आतल्या बाजूच्या चाकाला ब्रेक लावून काम भागवतं. सातवीच्या परफॉर्मन्स पॅकमध्ये खरा क्लचवाला डिफरन्शियल लॉक आला, ताकद बाहेरच्या चाकाकडे ढकलणारा. हा लॉक नसता तर २०१६ च्या क्लबस्पोर्ट एस ला ३१० देण्याची कुणाची हिंमत झाली नसती. ती गाडी बघाच धुराडंराव: मागची सीट काढलेली, हातगिअर, फक्त ४०० बनवल्या. तुमच्या वजनाच्या तक्रारीला कंपनीनेच दिलेलं उत्तर आहे.

आणि वजन वाढणारच हे कोण म्हणतं? जपानमधली सुझुकी स्विफ्ट स्पोर्ट घ्या. १.६ बिनटर्बो १३६ पीएस होती. २०१७ साली १.४ टर्बो आला, कागदावर फक्त १४०. आलेखात ती वाढ दिसणारसुद्धा नाही. पण वजन ९७० किलोवर आणलं, टॉर्क २३० वर नेला. पिढी बदलणं म्हणतात ते याला. आपल्याकडे मारुतीने ती कधी विकली नाही, हे दु:ख इथेच मांडून ठेवतो.

---

गिअरवाली

रेडलाईन, स्विफ्ट स्पोर्टचं कौतुक मलाही आहे, पण ती एक सेगमेंट खालची गाडी आहे. गोल्फमध्ये मागे दोन मुलांच्या सीट, डिकीत बाबागाडी, आणि धडक बसण्याची शक्यता गृहीत धरून केलेलं शरीर असतं. पहिल्या पिढीचा दरवाजा बोटाने लोटला तरी बंद होतो, इतका पातळ. आत बाजूच्या धडकेसाठी काही नाही, एअरबॅग नाही, एबीएस नाही. ते हजाराच्या वरचे चारशे किलो म्हणजे कंपनीचा गबाळेपणा नाही, त्यात माझी मुलं बसतात.

"वाढीव ताकद वजनाचं भाडं भरत होती" असं तुम्ही म्हणालात ना धुराडंराव? मग भाडं भरल्यावर घर मिळालं, तेही जमेला धरा.

---

धुराडं

ताई, घर मान्य. वाद तोच नव्हता. गाडी सुरक्षित झाली, शांत झाली, ट्रक ओलांडायला सोपी झाली, हे सगळं खरं. पण मग जाहिरातीत तेच सांगा ना. तुम्ही मांडलेला टॉर्कचा मुद्दा त्या तक्त्यात कुठे आहे? १४० वरून ३७०, आणि ५००० ऐवजी १६०० आरपीएमला. हा फरक २६५ च्या आकड्यापेक्षा मोठा आहे, आणि तो कुणी फॉरवर्ड करत नाही.

माझी चिडचिड दुसऱ्या ठिकाणी आहे. सुधारित आठवीत क्लचचं पेडलच उरलं नाही, फक्त डीएसजी (आपोआप गिअर बदलणारा गिअरबॉक्स). शून्य ते शंभर ५.९ सेकंद. पहिलीला नऊच्या आसपास लागत. त्या नऊ सेकंदांत चालकाला गिअर दोनदा बदलायचा असे आणि इंजिन ६००० च्या पुढे न्यायचं असे. या ५.९ मध्ये पाय दाबून धरायचा, बस.

---

चाकणकर

डीएसजीला बोल लावू नका बुवा. पुण्याच्या ट्रॅफिकमध्ये डावा पाय शिल्लक राहतो तो तिच्यामुळेच.

बाकी पन्नाशीनिमित्त काढलेली एडिशन ५० आली आहे: ३२५ पीएस, ताकद फक्त पुढच्या चाकांना. माझ्या प्राइसलिस्टच्या मुद्द्याला हाच पुरावा. आर ३३३ वर आहे, म्हणून हिला बरोब्बर आठ कमी.

---

रेडलाईन

आठ कमी असूनही ती जर्मनीतल्या नुर्बुर्गरिंग रेसट्रॅकवर क्लबस्पोर्ट एस पेक्षा वेगाने फिरून आली, हे का नाही लिहिलंत? क्लबस्पोर्ट एस चे २०१६ च्या पहिल्या विक्रमी फेरीत ७ मिनिटं ४९.२१ सेकंद, हिचे ७ मिनिटं ४६.१३. तेही मागची सीट असलेल्या मॉडेलने. या तीन सेकंदांत इंजिनाचे पंधरा पीएस किती आणि टायर-सस्पेन्शन किती, याचा हिशेब कुणी बसून केला तर मी वाचायला तयार आहे. माझी पैज टायरवर.