चिऱ्याच्या भिंतीवरच्या जुन्या टाइल्स काढायच्या कशा?

केळशीची सून: केळशीला सासरचं जुनं घर आहे, भिंती चिऱ्याच्या, म्हणजे जांभ्या दगडाच्या. न्हाणीघरात आठ बाय आठच्या गुलाबी फुलांच्या टाइल्स आहेत. खालच्या दोन ओळी फुगल्यात, बोटाने वाजवलं की बद्द आवाज येतो. एक कंत्राटदार म्हणतो, "वहिनी, फोडता कशाला, केमिकल लावून टाइलवर टाइल मारू." दुसरा ब्रेकर (तोडफोडीचं विजेचं मशीन) घेऊन यायला तयार. गणपतीला सगळे येणार, त्याआधी आटपायचंय. काय करू?

आबा, देवगड: सूनबाई, दोघांचंही ऐकू नका. फुगलेल्या टाइलवर नवी टाइल म्हणजे हलत्या दातावर कॅप. शिवाय जमिनीवरही तेच केलंत तर न्हाणीघर उंबऱ्याच्या वर येईल नि पाणी घरात.

ब्रेकर तर नकोच. काँक्रीटला ठीक आहे, पण चिरा मऊ आणि भोकाभोकांचा. जुन्या घरात सांधेही बरेचदा मातीचे. टाइलबरोबर गिलावा येतो, गिलाव्याबरोबर चिऱ्याचा ढपला, आणि पलीकडच्या खोलीतला गिलावाही सुटतो. तो खर्च कंत्राटदार सांगत नाही.

हाताने काढा. आधी पाणी आणि गिझरची लाइन बंद. नहाणी ट्रॅपमध्ये, म्हणजे जमिनीतल्या पाणी जायच्या भोकात, गोणपाटाचा बोळा घट्ट कोंबा, नाहीतर सगळे तुकडे पाइपात. खालच्या फुगल्यात म्हणून खालून सुरू करू नका, वरची ओळ अंगावर येते. वरच्या ओळीची कड मोकळी असते, तिथून पातळ छन्नी तिरकी धरून हलक्या हातोडीने. छन्नी भिंतीत सरळ ठोकायची नाही. घट्ट बसलेल्या टाइलचा सांधा ग्राइंडरने कापून घ्या. चष्मा, हातमोजे, मास्क हवेच. ग्लेझची कपची काचेसारखी कापते, आणि ती धूळ छातीला वाईट.

पेणचा प्लंबर: आबांना अनुमोदन. नळाच्या सरळ वर-खाली छन्नी जपून चालवा. जुना जीआय (जस्ताचा मुलामा दिलेला लोखंडी) पाइप असेल तर खाऱ्या हवेने सडलेला असतो, धक्क्यालाच फुटतो. भिंत उघडलीच आहे तर पाइप बदलूनच घ्या.

केळशीची सून: आभार! पण खालच्याच दोन ओळी का फुगल्या असतील?

आबा, देवगड: हे आधी विचारायला हवं होतंत! भर मे महिन्यातही भिंत ओली राहत असेल तर बहुतेक पाइप गळतोय. पावसातच ओली होत असेल तर बाहेर जाऊन बघा, पागोळ्या कुठे पडतात.

केळशीची सून: मागे पन्हळ फुटलीय. दर पावसाळ्यात पाणी सरळ जोत्यावर.

आबा, देवगड: मग आधी पन्हळ. टाइल्स आत्ता काढून घ्या, मेचं ऊन आहे तोवर भिंत उघडी ठेवून सुकवा, पाऊस लागायच्या आत गिलावा. जूनमध्ये ओल्या चिऱ्यावर टाइल मारलीत तर पुन्हा फुगणार. नाहीच जमलं तर यंदाचे गणपती गुलाबी फुलांतच करा, दिवाळीनंतर काम काढा.